मिठावर दिसणारं गाव

आगलाव्या म्हणं! वैनी, दादा घरात न्हाय तरी बोलतो, आल्यावर सांगा त्याला. वीटभट्टीवरची माणसं लांबच्या मुलखातनं आल्यात. त्यातला एक जण पुढं होऊन सगळ्यांसाठी पाणी मागतो, तर दादा त्याला आगलाव्या म्हणतो? आन् आपल्या दोघा भावांच्या विहिरीवरच्या मोटारीच्या खोलीला कुलूप घालून, किल्ली तुमच्या कमरेला अडकवून, दादा गेला बाजाराला. "बाहेरच्यांना एकदा पाणी दिलं की डोक्यावर बसत्यात" म्हणं. बसू द्या की! रिकामंच हाय डोकं.

भांडत न्हाय मी. गोष्ट सांगतो. पोरांनो, तुमीबी बसा.

लई जुन्या काळी समुद्राच्या कडंला एक मिठागर होतं. त्याचा शेवट कुणी बघितलाच न्हाय. जिकडं बघावं तिकडं पांढरंधोट. वर आभाळ, खाली आभाळाचीच सावली, आन् मधी माणसं दाताळ्यानं मीठ ओढत चाललेली, जशी काय ढगातच शेती करत्यात.

तिथं तीन मुलखांची माणसं राबायची. डोंगरातली, वाळवंटातली आन् बेटांवरची. एकाची बोली दुसऱ्याला कळायची न्हाय. गोड्या पाण्याची विहीर एकच, तिला मालकाचं कुलूप. सांजंला माणशी एक तांब्या. मालक डोंगरातल्यांना सांगायचा, "तुमच्या वाटणीचं बेटावरचे पित्यात." बेटावरच्यांना सांगायचा, "ते वाळवंटातले चोर हैत." मग तिन्ही टोळ्या एकमेकांकडं पाठ करून जेवायच्या. येडी माणसं! तहान सगळ्यांची सारखी, आन् राग एकमेकांवर.

दुपारी मातर नवल व्हायचं. ऊन चढलं की मिठावरची हवा पाण्यासारखी हालायची, आन् तिच्यात ज्याला त्याला आपलं गाव दिसायचं. कुणी कुणाला सांगायचं न्हाय. सांगितलं तर दुसरा तिथंबी घुसंल, असं वाटायचं.

डोंगरातल्या एका गड्याला त्या हवेत आपली बायको दिसायची. दारात बसून चिंचा फोडणारी. रोज बघायचा आन् रोज गप बसायचा.

एक दिवस त्याच्या बाजूला बेटावरची म्हातारी उभ्याची खाली बसली. ओठ पार वाळलेले. गड्यानं कालचं राखलेलं घोटभर पाणी तिच्या तोंडात घातलं. ती तिच्या बोलीत एक शब्द बोलली. गड्याला कळलं, पाण्याला हिच्या बोलीत असं म्हणत्यात. मग तो वाळवंटातल्यांकडं गेला, रिकामा तांब्या दाखवला, त्यांचाबी शब्द शिकला.

जेवायच्या वेळी तो तिन्ही टोळ्यांच्या मधी उभा राहिला. कुलपाकडं बोट केलं आन् तिन्ही बोलीत म्हणला, "पाणी. पाणी. पाणी."

म्हातारी फिसकन हसली. "मेला बोबडा हाय," ती आपल्या बोलीत म्हणली, "पर खरं बोलतो." हसू काय, सगळ्यांनाच कळतं. माणसं एकमेकांकडं तोंडं करून बसली. त्या दुपारी म्हातारीनं मिठावर बोटानं माड काढला आन् हालत्या हवेकडं दाखवलं. गड्यानं दार काढलं, दारात बाई काढली. वाळवंटातल्यांनी उंट काढला. तवा कळलं, सगळे एकाच हवेत बघत होते.

दुसऱ्या दिवशी सगळे मालकाच्या दारात. "विहीर उघड. न्हायतर दाताळं उचलत न्हाय."

मालक लबाड. त्यानं गड्याला बाजूला घेतलं. "अरं, तुझी बायको वाट बघून वाळली आसंल. होडी उभी हाय. एकटा बस, आत्ताच्या आत्ता घरी जा. बाकीच्यांचं मी बघतो."

गडी होडीत बसला. खोटं कशाला सांगू? मीबी बसलो आसतो.

होडी निघाली. पाणी गुळगुळीत, वारा मऊ, डोळ्याला पेंग यावी असा. गड्यानं सहज मागं बघितलं. मिठावर हवा हालत होती. आन् तिच्यात एक गाव दिसत होतं. माणसं दाताळी टाकून बसलेली, मधी ती म्हातारी, कपाळावर हात धरून त्याची वाट बघणारी. हुबेहूब दारातल्या बायकोसारखी.

"होडी फिरव," गडी म्हणला.

"येडा हैस का? तुझं घर तिकडं हाय," होडीवाला म्हणला.

"आता हिकडंबी हाय."

होडीवाला फिरवंना, तवा गड्यानं पाण्यात उडी घेतली आन् पोहत आला. नखशिखांत भिजलेला तो त्यांच्या मधी येऊन बसला. सगळ्यांनी सरकून जागा दिली.

मीठ ओढलं न्हाय की दगड होतं. झालंच दगड. मालक चिडून स्वतः दाताळं घेऊन उतरला. दुपारपातूर हाताला फोड, जिभेला कोरड. पाणी प्यायला विहिरीपाशी गेला, तर फोडांनी किल्ली धरवंना. म्हातारीनं ती त्याच्या हातातनं घेतली, कुलूप उघडलं, आन् पयला तांब्या त्यालाच दिला.

"पी," म्हणली. "डोक्यावर बसत न्हाय आमी."

मालकाची मान खाली गेली. पुन्हा त्या विहिरीला कुलूप लागलं न्हाय. वर्साला होडीबी जायला लागली, पाळीपाळीनं सगळ्यांना घरी न्यायला. गडी सगळ्यांच्या शेवटी गेला. बायको दारात होती. चिंचाच फोडत होती.

दुपारी तो शेताच्या कडंला हालत्या हवेकडं टक लावून बसला.

"तिथं होतास तवा मी दिसायची म्हणतोस," बायको म्हणली, "आता इथं हैस तर कोण दिसतंय?"

"गाव," तो म्हणला.

तात्पर्य: ज्याच्याबरोबर राबलं, तो आपल्याच गावचा. त्याला तहानलेला टाकून एकटा घरी निघालेला माणूस घरी पोचत न्हाय.

ऐकलं न्हवं? भट्टीवरच्या बाया रिकामे हंडे घेऊन बांधावर उभ्या हैत, इथनं दिसत्यात. दादाला काय सांगायचं ते मी सांगतो.

वैनी, उठा. किल्ली द्या.