घोंगडीचे माप

त्या राज्यात थंडी सगळ्यांना सारखीच वाजत असे, पण लोकर सगळ्यांच्या अंगावर सारखी नसे. म्हणून तिथल्या मेंढ्यांनी फार पूर्वी एक शहाणपणाची गोष्ट केली होती. दर वसंतात प्रत्येक मेंढीने बोरीच्या जाळीतून अंग घासत जायचे, काट्यांना अडकेल तेवढी लोकर राज्याला द्यायची, आणि सुगरण पक्ष्यांनी त्या लोकरीची एक भलीमोठी घोंगडी विणायची. ओढ्याकाठच्या घोंगडीघरात आजारी मेंढ्या एका ओळीत निजत आणि ती एकच घोंगडी त्या सगळ्यांवर पसरलेली असे. दारावर फळी होती : ‘येथे कोणी उघडे नाही.’ ते खरेच होते. जे उघडे असत, ते दाराबाहेर असत.

खैरी आणि मोरी या दोघी सख्ख्या बहिणी. खैरी थोरली. जाळीतून जाताना बाकीच्या मेंढ्या अंग चोरून जात. खैरी मात्र एकदा इकडून, एकदा तिकडून अशी घासून जाई आणि वर मागे वळून बघे, एखादा काटा रिकामा तर राहिला नाही ना. मोरी तिला हसायची. “अक्का, राज्य तुझ्या नावानं देऊळ बांधणार आहे का?” खैरी म्हणायची, “देऊळ नको गं. आपल्यापैकी कुणी पडलं तर पांघरूण असावं, बस.”

एका हिवाळ्यात खैरीची लोकर विरळ होऊ लागली. आधी मानेवरची गेली, मग पाठीवरची. मोरीला वाटले, गवत मानवत नसेल. तिने वैद्याला बोलावले. वैद्य म्हणजे गायबगळा. आयुष्यभर गुरामेंढरांच्या पाठीवर बसून त्याला त्यांच्या पोटातले कळू लागले होते. त्याने चोच बाजूला वळवून खैरीच्या पोटाला कान लावला आणि बराच वेळ काढला नाही.

“लोकर आत धरली आहे,” तो म्हणाला.

त्या राज्यात हा आजार होता. कुणाकुणाची लोकर एकाएकी उलटी फिरे आणि बाहेर यायची ती आत वाढू लागे. आतल्या आत तिचे गोळे होत. लोकर आपलीच असल्यामुळे तिला शत्रू तरी कसे म्हणावे, हेही कळत नसे.

“पण वेळेवर कळलंय,” बगळा म्हणाला. “कड्यावरचा हिरवा पाला रोज सकाळी पोटात गेला, तर हे गोळे विरघळतात. मी विरघळलेले पाहिलेत.”

कड्यावर रानबोकडांची वस्ती होती. पाला ऊनपावसाने उगवत होता, पण तो गुणाचा आहे हे आधी आपल्याला कळले, तेव्हा पाला आपला, असे बोकडांचे म्हणणे होते. कड्याखाली उभे राहून त्यांच्याशी वाद घालणे कठीण होते. ते पाला देत, पण लोकरीच्या बदल्यात. आणि एकट्या मेंढीच्या अंगावर असते तेवढी लोकर त्यांना फार थोडी वाटे.

मोरीच्या जिवात जीव आला. “एवढंच ना? मग आपली घोंगडी आहे की!”

“आहे,” बगळा म्हणाला, आणि इतक्या लगबगीने उडाला की त्याचे एक पीस तिथेच राहिले.

घोंगडीघराचा कारभारी एक गलेलठ्ठ एडका होता. त्याने दोघी बहिणींचे स्वागत केले आणि खैरीला ओळीत जागा दिली. “या, मोरीबाई, या. संकोच नको. घोंगडी तुमचीच आहे.”

“अक्काला हिरवा पाला पाहिजे.”

“मिळणार. राज्य पाल्याला नाही म्हणतच नाही. फक्त आधी वाळका.”

“वाळक्यानं काही होत नाही म्हणतात वैद्यबुवा.”

“म्हणून तर तो आधी द्यायचा,” एडका प्रेमाने म्हणाला. “वाळक्यानं काही होत नाही हे सिद्ध झालं, की हिरवा. नुसत्या बगळ्याच्या शब्दावर कारभार चालवला, तर उद्या बेडूक येतील सल्ला द्यायला.”

खैरीने वाळका पाला खाल्ला. तोंड सोलवटले, दात हलू लागले, आणि आतली लोकर निवांत वाढत राहिली. पोट दोन्ही अंगांनी फुगून पाय मुडपेनासे झाले, तेव्हा एडका स्वतः येऊन तिला बघून गेला आणि फार समाधान पावला.

“अभिनंदन,” तो म्हणाला. “आता तुम्ही पात्र झालात.”

हिरवा पाला मात्र खरोखरच गुणाचा होता. हे सांगितलेच पाहिजे, नाहीतर बोकडांवर अन्याय होईल. पोटाचा ताठरपणा थोडा उतरला. एका सकाळी खैरीने मोरीला हाक मारली. “मोरे, मानेला नाक लावून बघ गं.” मोरीने नाक लावले. नुकत्याच जन्मलेल्या कोकराला असते तशी लव आली होती, बाहेरच्या बाजूने.

“अक्का, वसंतात दोघी जाळीतून जाऊ. या खेपेला मी तुझ्यापेक्षा जास्त देणार.”

“तू? तुझ्या लोकरीला काटासुद्धा नाक मुरडतो.”

दोघी खूप दिवसांनी हसल्या, तेवढ्यात खैरी थरथरली. तिचे मागचे पाय घोंगडीच्या बाहेर होते.

मोरीने घोंगडी खाली ओढली, तर डोके उघडे पडले. वर ओढली, तर पाय. शेजारच्या मेंढ्यांचेही तसेच होते. फक्त त्यांना सवय झाली होती. सकाळ झाली की कड्यावरून एक बोकड पाल्याचा भारा घेऊन दारात येई. मग मापारी खेकडा तिरपा तिरपा चालत घोंगडीच्या पायथ्याशी जाई, आपल्या नांगीने तिची एक पट्टी कातरी आणि बोकडाला देई. पाला आत येई, पट्टी बाहेर जाई. आता बोकडांच्या अंगावर चांगल्या उबदार झुली दिसू लागल्या होत्या.

मोरी एडक्याकडे गेली. “पाला मिळतोय, त्याचे उपकार आहेत. पण पाय गारठलेत तिचे. थंडी पायांतूनच वर चढते.”

“पाला राज्याचा,” एडका म्हणाला. “पाय ज्याचे त्याचे. आणि बाई, घोंगडी अपुरी आहे असं कसं म्हणता? दरवर्षी माप घेतो आम्ही.”

ते खरे होते. दरवर्षी समारंभाने माप घेतले जाई. घोंगडी ओढ्यात भिजवत, चार जणी चार बाजूंनी ताणत, आणि ओली असतानाच कारभारी एडक्याच्या अंगावर टाकत. एडका निरोगी असल्यामुळे त्याला चारी पाय पोटाशी घेऊन बसता येई. खेकडा एका अंगाने चालत जाऊन पुकारी, “पुरते!” ओली लोकर ताणली की वीतभर वाढते, हे सर्वांना ठाऊक होते. वाळली की आटते, हेही ठाऊक होते. पण वाळल्यावर मोजायची चाल नव्हती.

“तुमच्या अक्कांना सांगा,” एडका म्हणाला, “पाय पोटाशी घ्या. अंथरूण पाहून पाय पसरावेत.”

“पोटात जागा असती तर इथं कशाला आलो असतो?”

एडका हसला. त्याला हजरजबाबी मेंढ्या आवडत, जोवर त्या परत जात तोवर.

त्या दुपारी मोरी एकटीच बोरीच्या जाळीत शिरली. वसंत अजून लांब होता. ती इकडून गेली, तिकडून आली, पुन्हा गेली. अंगावर ओरखडे उठले, रक्त आले, पण काटे भरले. ती सगळी लोकर तोंडात धरून तिने घोंगडीघरात आणली आणि खैरीच्या पायांभोवती खोचू लागली. खेकड्याने वाट अडवली.

“बाहेरची लोकर घोंगडीत चालत नाही.”

“पाय घोंगडीच्या बाहेर आहेत.”

खेकडा बाजूला सरकून विचार करू लागला. “मग हरकत नाही,” तो म्हणाला.

पण पट्ट्या रोज जातच होत्या. पायांनंतर मांड्या उघड्या पडल्या, तेव्हा मोरीने राज्याच्या सभेपुढे जाऊन उभे राहायचे ठरवले. अंगावर लोकर नसलेली मेंढी थंडीत सभेत उभी राहिली, हे पाहून सभेला गहिवरून आले.

“माझं एवढंच मागणं आहे,” मोरी म्हणाली. “घोंगडीचं माप एडकेसाहेबांवर घेऊ नका. आजारी मेंढीवर घ्या. आणि वाळलेली असताना घ्या.”

इतकी रास्त मागणी सभेपुढे कधीच आली नव्हती. ती टाळ्यांच्या गजरात मान्य झाली. माप खैरीवरच घ्यायचे, असेही ठरले. एडक्याने उभे राहून मोरीचे आभार मानले आणि घोंगडी ताबडतोब भिजवायला काढली.

“भिजवता कशाला?” मोरी ओरडली. “वाळलेली मोजायचीय!”

“वाळवायची म्हणजे आधी भिजवायला नको का?” एडका म्हणाला. “माप म्हणजे माप, बाई. रीत मोडून कसं चालेल?”

घोंगडी ओढ्यात पडली. आभाळ दाटलेले होते, ऊन पडेना. आज काढू, उद्या काढू, करता करता घोंगडे भिजत राहिले. घोंगडीघरातल्या मेंढ्या एकमेकींना चिकटून निजल्या. आणखी एक नियम होता, तो मोरीला तेव्हा कळला. पाला घोंगडीखालीच खायचा असे. घोंगडीबाहेर खाल्लेला पाला राज्य ओळखत नसे. घोंगडी ओढ्यात, म्हणून पाला कड्यावर.

मोरी कड्याखाली जाऊन उभी राहिली. वरून एक बोकड डोकावला. त्याच्या पाठीवरची झूल वाऱ्याने हलत होती.

“चार पानं टाका, भाऊ. अक्काची लव गळायला लागलीय.”

“बदल्यात काय? तुझ्या अंगावर तर काहीच नाही गं बाई.”

“तुमच्या अंगावर आहे ती आमचीच आहे.”

“होती,” बोकड म्हणाला. त्यात राग नव्हता. तो व्यवहाराचा बोकड होता.

मोरी परतली, तेव्हा खैरीची मान पुन्हा उघडी दिसत होती. पोट आता फुगलेले नव्हते. सगळे अंगच आटले होते, ओढ्यातून काढून वाळवलेल्या लोकरीसारखे. मोरी तिच्या पाठीला पाठ लावून बसली. तिच्याजवळ द्यायला तेवढीच ऊब उरली होती.

“घोंगडी आली का गं?” खैरीने विचारले.

“वाळतेय, अक्का. ऊन पडलंय आज.”

“घाई करू नको म्हणावं त्यांना. नीट वाळू दे. मापात चूक झाली, तर पुढच्यांना अपुरी पडेल.”

थोड्या वेळाने खैरीने एक पाय आत ओढला, मग दुसरा. मोरीला वाटले, जरा आराम पडला असावा.

टळटळीत दुपारी सभा आली. पुढे सुगरणी, त्यांच्यामागे एडका, त्याच्यामागे घोंगडी धरलेल्या चौघी जणी, आणि एका अंगाने चालणारा खेकडा. पाल्याचा भारा घेऊन एक बोकडही दारात उभा होता. आजपासून पाला सुरू होणार, असे त्याला कळवले होते. एडक्याने मोरीला हलकेच बाजूला केले. खैरी मुटकुळे करून पडली होती, चारी पाय पोटाशी. तिच्यावर वाळलेली, आटलेली, चोख घोंगडी पसरण्यात आली.

डोके झाकले. पाठ झाकली. मांड्या झाकल्या, पाय झाकले, खूरही झाकले गेले. खेकडा उशापासून पायथ्यापर्यंत तिरपा चालत गेला, परत आला, आणि त्याने पुकारले, “पुरते! वर वीतभर उरते!”

सभेने टाळ्या वाजवल्या. “पाहिलंत?” एडका सद्गदित होऊन म्हणाला. “पाय पोटाशी घेतले की कशी पुरते! इथून पुढं हेच माप धरा. कुणी म्हणायला नको की निरोगी अंगावर मोजलं.”

मोरी घोंगडीकडे बघत होती. लोकर कितीही जाड असली तरी तिच्याखालचा श्वास वर दिसतो. घोंगडी जराशी उचलते, जराशी बसते. ती उचलण्याची मोरी वाट बघत राहिली.

खेकडा पायथ्याशी गेला. उरलेली वीतभर पट्टी त्याने नांगीने अगदी सरळ रेषेत कातरली आणि दारातल्या बोकडाला दिली. बोकडाने पाल्याचा भारा घोंगडीखाली, खैरीच्या तोंडाजवळ, नीट सरकवून ठेवला.