टोपलीतलं उंबर

ओढ्याकाठचं उंबराचं झाड तोडून बरीच वर्षं झाली होती, तेव्हाची ही गोष्ट. कपारीतला म्हातारा खेकडा कोंबडीच्या आतड्यांना भुलत नव्हता, की माशाच्या मुंडक्याला. खेकडे धरायची बांबूची टोपली रोज रिकामीच वर जायची.

एकदा टोपलीनं सहज विचारलं, "आजोबा, लहानपणी काय खायचात हो?"

इतक्या आपुलकीनं त्याला कुणी विचारलंच नव्हतं. खेकडा संध्याकाळपर्यंत बोलत राहिला. पाण्यात टपटप पडणारी पिकली उंबरं, त्यांवर तुटून पडणारी भावंडं, आणि एक फळ त्याच्यासाठी राखून ठेवणारी आई.

दुसऱ्या दिवशी टोपली खाली आली, तेव्हा तिच्यात एकच पिकलं उंबर होतं.

खेकड्याला सगळं कळलं.

"फार लांबून आणलंस गं पोरी," तो म्हणाला, आणि आत शिरला.