दाराचं पाणी

"पाचातल्या चार वाड्यांनी हात वर केले, बाबा. मग घटना बदलली की नाही?"

गैबीशाबाबा तकियाच्या पायरीवर बसून कडुलिंबाची काडी चावत होते. त्यांनी मान वर केली नाही.

"वर केलेले हात आता कुठं हाईत?"

निवासनं मागं वळून पाहिलं. अंगणात लोक बसले होते. कुणी तंबाखू मळत होतं, कुणी लेकराला थोपटत होतं.

"खाली आले की."

"मग?"

...

या डोंगरावर वाड्या पाच आणि पाण्याचं टाकं एकच. ते बाबांच्या तकियाला, म्हणजे फकिराच्या मठाला, लागून आहे. उन्हाळा लागला की टाक्याच्या तोंडात लाकडी दट्ट्या बसतो आणि मग पाणी पाळीनं सुटतं. पूर्वी या पाण्यावरून डोकी फुटायची. निवासच्या चुलत्याचा एक डोळा त्यातच गेला. त्यानंतर पाचही वाड्या बाबांसमोर बसल्या, नियम लिहिले, कागदाच्या माथ्यावर 'घटना' असं घातलं आणि तिला देवाच्या खालोखाल मान दिला.

घरटी एक पाळी, हे तिचं पहिलं कलम. बदल करायचा तर पाचातल्या चार वाड्या हव्यात, हे शेवटचं. आणि बदल लागू कधी होतो, तर बाबा दट्ट्या काढतात तेव्हा. हे मात्र कुठंच लिहिलेलं नाही, पण कुणी विसरतही नाही.

निवास लहानपणापासून बाबांच्या पायाशी बसलेला. आता तालुक्याला वकिली करतो. गुणी मुलगा आहे, पण आपण बरोबर आहोत हे त्याला फार लवकर कळतं.

दुरुस्ती त्यानंच लिहिली होती. घरटी नको, माणशी पाणी. त्याच्या खालच्या वाडीत एकेका घरात दहा-अकरा तोंडं. वरच्या वाडीत घराला एक म्हातारं माणूस, नाहीतर कुलूप. बाकी सगळे मुंबईला. मग घरटी एक पाळी हा कुठला न्याय? चार वाड्यांना पटलं. वरच्या वाडीनं तेवढा मोडता घातला.

आणि टाक्याचा पाट पहिल्यांदा वरच्या वाडीतूनच जातो.

त्या म्हाताऱ्यांनी पाटात दगड आणून रचले होते. खालच्या वाडीतली तरणी पोरं सकाळी काठ्या घेऊन आली होती. काठ्या कशाला, म्हणून बाबांनी विचारलं, तर म्हणाली, वाटेत साप निघतात.

बाबा नुसतं "बरं" म्हणाले होते.

...

"काढा ना दट्ट्या, बाबा," निवास म्हणाला. काठ्या त्यालाही दिसत होत्या. "सगळं नियमानं झालंय. देशाची घटनासुद्धा अशीच दुरुस्त होते. संसदेत दोनतृतीयांश मतं लागतात. काही कलमांना निम्म्या राज्यांची संमती लागते. सगळ्यांची नाही लागत."

"आनि ऱ्हायलेली राज्यं कुठं जात्यात?"

"कुठं जाणार? देशातच राहतात."

"हां..."

बाबांनी काडी टाकली, चूळ भरली.

"गोजरा कुठाय?"

गोजराबाई वरच्या वाडीची कारभारीण. नात्यानं निवासची लांबची आत्या. ती ठिगळांच्या वाकळेवर निवासकडं पाठ करून बसली होती. निवास समोरच्या नव्याकोऱ्या घोंगड्यावर.

"उठा दोघं," बाबा म्हणाले. "निवास, तू तिच्या वाकळंवर बस. गोजरा, तू ह्याच्या घोंगड्यावर."

अंगणात कुजबुज झाली. जुन्यांना कळलं. घटना लिहिली तेव्हाही असंच बसवलं होतं. नियम मांडणाऱ्यानं विरोध करणाऱ्याचं म्हणणं आपल्या तोंडानं सांगायचं, तो 'व्हय, हे माझं' म्हणेपर्यंत. मग त्यानं ह्याचं. निवास तेव्हा पाळण्यात होता.

"एवढंच ना?" तो हसला. "बाबा, हा माझा रोजचा धंदा आहे. समोरचा वकील काय बोलणार, ते मला त्याच्या आधी ठाऊक असतं."

"मग सोपंच हाय."

तो वाकळेवर बसला, घसा खाकरला.

"आम्हाला जास्तीच्या पाण्याची सवय झाली आहे. ती आता सोडवत नाही."

खालची वाडी खदखदून हसली.

गोजराबाई हसली नाही. "हे माझं न्हाई."

"बरं... आम्ही म्हातारी माणसं. दुरुस्ती करताना आम्हाला कुणी विचारलं नाही."

"इचारलं की. तू सोताच आलतास. च्या पिऊन गेलास. हे बी माझं न्हाई."

आता वरची वाडी हसली. निवासचे कान लाल झाले. त्यानं बाबांकडं पाहिलं. बाबा आभाळाकडं बघत होते, जणू तिथं काही लिहिलं होतं.

...

निवासनं आता मान वर करून समोर पाहिलं.

त्याच्या घोंगड्यावरून खालची वाडी दिसायची. या वाकळेवरून वरची दिसत होती. कौलं उतरलेली घरं, दारांना कुलपं. आणि दारांपुढं ओली काळी जमीन.

कुलूप लावलेल्या दारांपुढंही सडा घातलेला होता.

हा सडा त्यानं पूर्वीही पाहिला होता. दुरुस्तीच्या भाषणात तो 'पाण्याची नासाडी' म्हणाला होता, आणि टाळ्या पडल्या होत्या.

"आत्ती... त्या बंद घरांपुढं सडा कोण घालतं?"

"माझ्या जागी तू बसलायस. मलाच काय इचारतोस?"

निवासनं मान खाली घातली. वाकळेच्या ठिगळावरून बोट फिरवत राहिला. मग हळूच बोलला.

"माझ्या घरात मी एकटी. शेजारचं घर माझ्या पोराचं, त्यात कुणीच न्हाई. मानशी पानी म्हटलं की त्या घराची पाळी आजच गेली... माझ्या घराची माझ्या माघारी जाईल."

त्यानं त्या बंद दारांकडं पाहिलं.

"पोरगा कवातरी परत येईल म्हनून मी त्याच्या उंबऱ्याम्होरं सडा घालते. पन पानीच न्हाई त्या घरात यिऊन तो थांबंल का?... घर हाय तोवर त्येची वाट बघता येती."

वकिलाची भाषा तोंडातून कधी निघून गेली, ते त्याचं त्यालाही कळलं नाही.

गोजराबाईनं पदर डोळ्यांना लावला.

"व्हय," ती म्हणाली. "हे माझं."

...

"आता तू, गोजरा."

ती घोंगड्यावर ताठ बसून खालच्या वाडीकडं बघत होती. तिला शोधावं लागलं नाही. बहुधा तिला ते कधीपासूनच ठाऊक होतं, नुसतं बोलायचं नव्हतं.

"माझी भावजय बाळंत झालीया," ती म्हणाली. "घरात अकरा तोंडं आनि पाळी एकच. बाळाची दुपटी धुवायची का भात शिजवायचा, ह्याच्यावरनं रोज सकाळी भांडान. बायका एकमेकींशी बोलंनात."

निवास मान डोलावू लागला. ती थांबली नाही.

"चुलत्याचा एक डोळा ह्या पान्यापायी गेला, दुसरा बी अधू झाला. मी लहानपनी त्येचा हात धरून त्येला शेतावर न्यायचो. म्हनून वकील झालो. आनखी कुनाचा डोळा जाऊ ने, म्हनून हे लिवलं..." तिनं काठ्या घेतलेल्या पोरांकडं एकदा पाहिलं. "आनि आता माझीच पोरं काठ्या घिऊन आल्यात, आनि मला भ्या वाटतंय."

निवासनं हे कुणालाच सांगितलं नव्हतं. बाबांनासुद्धा नाही.

त्यानं नुसती मान हलवली.

"तोंडानं बोल," बाबा म्हणाले.

"हो," तो कसाबसा म्हणाला. "हे माझं."

...

कुणी कुणाला काही सुचवलं नाही. निवास वाकळेवरूनच बोलला.

"प्रत्येक दाराला एक घागर ठेवू. घर राहतं असो की बंद. ते दाराचं पाणी. त्याला कुणी हात लावायचा नाही, कधीच."

"आनि ऱ्हायलेलं मानशी," गोजराबाई घोंगड्यावरून म्हणाली. "बाळंतीन मातुर दोन मानसं धरायची."

"दोन धरायची."

"मग सांग समद्यास्नी."

"मी नाही, आत्ती. तुम्ही सांगा."

ती उठली. तिनं नवा नियम पाचही वाड्यांना ठणकावून सांगितला, असा की जणू तो तिच्याच पोटी जन्माला आला होता, आणि कालपर्यंत त्याच्याविरुद्ध उभी असलेली बाई दुसरीच कुणी होती.

या खेपेला हात कुणीच वर केले नाहीत.

वरच्या वाडीतले दोन म्हातारे गुडघे धरत उठले, पाटाकडं गेले आणि रचलेले दगड काढू लागले. पहिलाच दगड त्यांना हलेना. रचताना अंगात राग होता, आता तो नव्हता. खालच्या वाडीतली पोरं थोडा वेळ बघत राहिली. मग त्यातला एक उठला. "सरा, आजा," म्हणाला. त्याच्यामागून बाकीचे गेले.

दगड दोन हातांनी उचलावा लागतो. काठ्या अंगणातच पडून राहिल्या.

मीही अंगणातल्या लोकांत बसलो होतो. छातीवरचं ओझं कुणीतरी उतरवून ठेवावं, तसं झालं मला. शेजारची म्हातारी तर चक्क हसत होती आणि डोळे पुसत होती. तंबाखू मळणाऱ्यानं मळलेली तंबाखू न मागता चार जणांना वाटली.

पाट मोकळा झाला. बाबा उठले, टाक्यात हात घालून त्यांनी दट्ट्या ओढला. पाणी सुटलं. ते वरच्या वाडीतून वळत खाली जाताना सगळे बघत राहिले, जसं काही पाणी पहिल्यांदाच बघत होते.

निवासचा चेहरा हलका झाला होता. पण स्वभावाला औषध नाही. त्यानं खिशातून पेन काढलं.

"बाबा, एक राहिलंच. मतं मोजलीच नाहीत आपण. किती वाड्यांची संमती, काहीच नोंद नाही. मग दुरुस्ती मंजूर झाली, असं म्हणायचं कशावरून?"

बाबांनी ओला हात कफनीला पुसला. अंगणात पडलेल्या काठ्यांकडं पाहिलं. मग पाटाशी घाम पुसत उभ्या असलेल्या पोरांकडं बोट केलं.

"त्यास्नी इचार... साप गावला का."