काळाच्या रहाटाची खुंटी

काल संपला की जातो कुठं?

धाकूनं हे सगळ्यांना विचारलं, बरं का. भटजींना विचारलं. त्यांनी नुसती मान हलवली. म्हाताऱ्या कुंभाराला विचारलं. तो चाक फिरवत राहिला. मग दाजींना, म्हणजे बहिणीच्या नवऱ्याला विचारलं. दाजी भिंतीकडे तोंड करून पडले होते. ते वळलेसुद्धा नाहीत.

कारण कालपर्यंत धाकूला बहीण होती आणि आज नव्हती. आवडा तिचं नाव. आईबाप गेल्यावर तिनंच त्याला कडेवर घेऊन वाढवला. तो तिला बाय म्हणायचा. बायला मुलगी झाली आणि त्याच दिवशी बाय गेली. पोर जगली. शेजारीण येऊन तिला दूध पाजायची. धाकूनं मात्र पोरीकडे पाहिलंही नाही. ही आली म्हणून बाय गेली, असं त्याच्या मनात बसलं होतं.

मग त्याला आठवलं, बायच सांगायची ती गोष्ट. सड्याच्या, म्हणजे गावामागच्या कातळाच्या माळाच्या, पलीकडे एक विहीर आहे. विहिरीवर काळाचा रहाट आहे. एकेक गाडगं म्हणजे एकेक दिवस. भरून वर येतं, पन्हळीत ओततं, रिकामं खाली जातं. फार फार पूर्वी या रहाटाला काही धरबंध नव्हता. कधी सुसाट पुढं जायचा, कधी गरकन मागं. सकाळी पेरलेलं दुपारी वाळायचं. नवरी बोहल्यावरच म्हातारी व्हायची. मग देवानं त्यात तांब्याची एक खुंटी ठोकली. तेव्हापासून रहाट मागं फिरत नाही आणि उधळतही नाही. दिवसामागून दिवस येतो, एका चालीनं.

"ती खुंटीच उपटतो," धाकू म्हणाला. उठला आणि निघाला. विचारबिचार त्याच्या गावीच नव्हता.

टळटळीत दुपार होती. सडा तापला होता. थोडं चालला, तर त्याची सावली नाहीशी झाली. आणखी चालला, तर फांदीवरच्या कावळ्यानं चोच उघडली, पण आवाजच आला नाही. आणखी पुढं गेला, तर समोरच्या धुळीत पावलं उमटलेली. त्याचीच पावलं! आणि तो तर तिथवर अजून पोचलाही नव्हता. धाकूच्या अंगावर सर्रकन काटा आला. पण तो मागं वळला नाही.

मग विहीर आली. रहाटाला एक रेडा जुंपलेला. काळा कुळकुळीत, डोळ्यांवर झापडं. चालत होता, पण खुरांचा आवाज नव्हता. मागं एक म्हातारी बसलेली. तिचे पांढरे केस जमिनीवरून लोळत होते. आणि चाकाच्या कण्याशी तांब्याची ती खुंटी. टक्, टक्, टक्.

"कोण रे तू?" म्हातारीनं विचारलं.

"धाकू. माझी बाय परत दे."

"मी काय तिला शिंक्याला टांगून ठेवलीय? मी आपली रहाट हाकते, बाबा. आणि खुंटीकडे बघू नकोस. भरल्या गाडग्यांची मागं ओढ असते. खुंटी सुटली की..."

पुरतं ऐकलंच नाही त्यानं. दोन्ही हातांनी खुंटी उपटली.

मग काय झालं, बाळांनो! रेडा रेकला आणि फरफटत मागं आला. पन्हळीतलं पाणी उलटं वाहत गाडग्यांत शिरलं. धाकूनं एका गाडग्यात डोकावलं. त्यात स्मशान दिसत होतं. राखेची लाकडं झाली, विझली, वेगळी झाली. माणसांच्या गालांवरची आसवं वर चढून डोळ्यांत गेली.

"धाक्या! एवढ्या उन्हात डोक्याला काही बांधायला नको?"

तो गरकन वळला. मागं बाय उभी होती. केस मोकळे, दिवस भरलेलं पोट. धाकूनं तिला मिठी मारली आणि ढसाढसा रडला.

पण रहाट थांबला नाही, बरं का. करकरत मागंच फिरत राहिला. गावाकडून आयांचा आक्रोश ऐकू यायला लागला. पाळण्यांतली पोरं नाहीशी होत होती. एक पाळणा रिकामा झाला, मग दुसरा, मग तिसरा. बायनं पोटावर हात ठेवला. पोट उतरत चाललं होतं.

"धाक्या, ही जातेय रे. थांबव."

"जाऊ दे तिला! तू आहेस ना. मला तू पुरे."

"गाढवा," बाय म्हणाली. "मी तिला पाहिलंय. एवढंसं पाहिलं. तिनं माझं बोट धरलं होतं."

"पण खुंटी ठोकली तर तू जाशील."

"जाईन."

"मग मी काय करू?"

"तू तिचा मामा हो."

धाकूनं खुंटी उचलायला हात घातला, तर बाह्या बोटांच्या खाली लोंबत होत्या. तोही लहान होत होता! आणखी थोडा वेळ गेला असता, तर त्याला खुंटी उचलताच आली नसती. समोर बाय नव्हतीच, दोन वेण्यांची पोर होती. तिनं रेड्याला खांदा लावला आणि ओरडली, "ठोक!"

धाकूनं दगड उचलला. पहिला घाव घातला, खुंटी उसळून पडली. दुसरा घातला, दगड निसटून बोटं सोलली. रहाट करकरला, रेडा गुडघ्यांवर आला. बायचे पाय मातीत घसरत होते, पण तिनं खांदा काढला नाही. धाकूनं डोळे मिटले नाहीत. तिसरा घाव घातला. खुंटी बसली.

टक्. टक्. टक्.

"आता तिकडं बघू नकोस, पोरा," म्हातारी म्हणाली.

पण त्यानं बघितलं. त्याच्या बाह्या पुन्हा मनगटाशी आल्या. दोन वेण्यांची पोर वाढली, तिची बाई झाली, पोट पुन्हा पुढं आलं. बायनं पोटावर हात ठेवून त्याच्याकडे पाहिलं आणि एकदा हसली. मग पुढचं गाडगं वर आलं, आणि तिथं कुणी नव्हतं.

धाकू घरी आला. गावातले पाळणे पुन्हा भरले होते. दाजी उठून बसले होते, मांडीवर पोर रडत होती. ती पुढं धट्टीकट्टी झाली. दाजी पुन्हा हसायला शिकले. शेतं पिकली, गाई व्याल्या, सगळी सुखात राहिली. रहाट अजून चालतोय, खुंटी अजून घट्ट आहे. भ्यायचं नाही कुणी. पांघरूण ओढा, कूस बदला. मिटले का डोळे? मग एवढं शेवटचं ऐका आणि झोपा.

पोरीला पहिला घास मामानं भरवायचा असतो. उष्टावणाच्या दिवशी धाकूनं तिला पहिल्यांदा मांडीवर घेतलं. सोललेल्या बोटांवर नवी कातडी आली होती. त्यानं अंगठी खिरीत बुडवली, फुंकर घालून निववली, आणि तिच्या ओठांना लावली. मग कानाशी वाकून म्हणाला, "खा गं. बायनं पाठवलीय."