माळ राखणारा नंदिक

फार पूर्वी पद्मकूट नगरात सुवर्मा राजा राज्य करीत असताना बोधिसत्त्वाने राज्याच्या पार टोकाच्या गावात, एका शेतकऱ्याच्या घरी जन्म घेतला. त्याचे नाव नंदिक. पुढे तो त्या गावाचा ग्रामणी, म्हणजे प्रमुख झाला.

गावाच्या दक्षिणेला नद्या आणि दाट रान होते, उत्तरेला नुसती वाळू. मधे माळ पसरलेला. तो धड वाळवंट नव्हता आणि धड शिवारही नव्हता. पाऊस एखाद्या वर्षी थेट वाळूच्या टेकड्यांपर्यंत जाई, तर एखाद्या वर्षी गावाकडे न फिरकताच परत जाई. अशा भूमीवर माणसे जगत होती याचेच नवल वाटते. ती जगत होती एकमेकांच्या आधाराने. धनगर पावसाळाभर माळावर मेंढ्या चारीत आणि सुगी झाली की गावात येऊन कापलेल्या शेतांत मेंढ्या बसवीत. मेंढ्यांना धसकटे मिळत, शेताला लेंडीखत मिळे, धनगरांना बाजरी आणि गावातल्या पोरांना दूध.

मग लागोपाठ काही वर्षे पाऊस भरपूर झाला आणि लोकांचे डोकेच फिरले. वाळवंट कायमचे मागे हटले, असे सगळे धरून चालले. राजानेही दवंडी पिटवली, ‘माळ जो नांगरील त्याचा.’ झाले! सुधन नावाचा बडा शेतकरी सर्वांच्या आधी धावला. मेंढ्यांची वाटसुद्धा त्याने नांगरून टाकली. ग्रामणी म्हणून नंदिकाच्या वाट्याला मोठा तुकडा आधीच आला होता, पण त्याने तिथे नांगर घातला नाही.

“ग्रामणी, गवत खाऊन राहणार का तुम्ही?” सुधनाने हसत विचारले.

“मी कशाला खातो? ज्यांना खायचे आहे ते येतील,” नंदिक म्हणाला.

त्यानंतर एका वर्षी पाऊस आलाच नाही. उन्हाळ्यात उत्तरेचा वारा सुटला आणि माळाची नांगरलेली माती उठली. भर दुपारी सूर्य दिसेना. आपली शेते आभाळातून निघून चालली आहेत, हे लोक दारात उभे राहून पाहत राहिले. धूळ बसली तेव्हा नंदिकाच्या तुकड्यातली माती मात्र जागच्या जागी होती. वाळलेल्या गवताच्या मुळांनी तिला धरून ठेवले होते.

थोड्याच दिवसांत म्हातारा धनगर भद्रक आपला कळप घेऊन आला. मेंढ्यांना धड उभे राहवत नव्हते. सुधन आणि गावकरी काठ्या घेऊन नंदिकाच्या गवतापुढे आडवे झाले.

“एवढेच गवत उरले आहे,” सुधन म्हणाला. “मेंढ्यांनी ते खाल्ले तर आपले बैल मरतील. मग पेरायचे कशाने?”

तो खोटे बोलत नव्हता. गवत दोघांना पोटभर पुरणार नव्हते.

“आमी मागं फिरलो असतो, मालक,” भद्रक हात जोडून म्हणाला, “पर मागं काय बी ऱ्हायलं न्हाई.”

नंदिकाने काठ्या बाजूला सारल्या. “अर्धे गवत गावाच्या बैलांना, अर्धे मेंढ्यांना,” तो म्हणाला. “माझ्या बैलांना काही नको. निर्णय माझा आहे, तोटाही माझाच होऊ दे.”

दक्षिणेच्या रानात चारा होता, पण तिकडचे लोक परक्या जनावरांना तो देत नव्हते. नंदिकाने आपली जोडी तिकडच्या एका शेतकऱ्याला देऊन टाकली. ते बैल वासरे असल्यापासून त्याच्या बायकोने, उपलेने वाढवले होते. ती खूप रडली, पण दावे तिनेच सोडले.

मेंढ्या जगल्या आणि त्यांच्या दुधावर गावातली पोरे जगली. शेवटी पाऊस आला. त्या मुलखात ओल टिकत नाही, त्यामुळे सगळ्यांना एकदमच पेरावे लागते आणि पेरणीच्या वेळी कोणी कोणाला बैल देत नाही. नंदिकाने जोखड स्वतःच्या खांद्यावर घेतले आणि उपलेने नांगर धरला.

दुष्काळी मुलूख पाहायला निघालेला राजा नेमका तिथून जात होता. नांगराला जुंपलेला माणूस पाहून त्याने रथ थांबवला. तेवढ्यात भद्रक पुढे आला आणि त्याने जोखडाच्या दुसऱ्या बाजूला खांदा दिला. “महाराज, ह्यानं माळ नांगरला न्हाई म्हून गवत ऱ्हायलं, अन् त्याचं बैल आमच्या मेंढरांपायी दिलं,” तो म्हणाला.

राजाच्या अंगावर काटा आला. तो रथातून उतरून चिखलात उभा राहिला. “असा माणूस माझ्या राज्यात आहे,” तो म्हणाला, “आणि मी त्याला माळ नांगरायला सांगत होतो!” माळ आणि मेंढ्यांची वाट कोणी कधीही नांगरू नये, अशी आज्ञा त्याने तिथेच दिली.

ही कथा सांगून शास्ते, म्हणजे भगवान बुद्ध, म्हणाले, “भिक्षूंनो, तेव्हाचा राजा सुवर्मा म्हणजे आजचा आनंद, भद्रक म्हणजे सारिपुत्र, उपला म्हणजे राहुलमाता आणि नंदिक म्हणजे मी. त्या जन्मी माझी दानपारमिता, म्हणजे दानाची साधना, पूर्ण झाली. वाट अडवणारा सुधनही आज इथे बसला आहे. दुरून आलेल्या भिक्षूंना त्याने सकाळी ‘जागा नाही’ म्हणून विहाराच्या दाराबाहेर बसवले.”

त्या भिक्षूचे नाव कोणी विचारले नाही. मागच्या बाजूला बसलेला एक भिक्षू उठला, त्याने पाण्याचा घडा उचलला आणि पाहुण्यांचे पाय धुवायला तो बाहेर गेला.