खैरओहोळचे कोरडे कुंड

खैरओहोळच्या माळावर काळ्या दगडाचे एक चर्च आहे. आत बाके नाहीत, घंटा नाही, उपासना होऊन कित्येक वर्षे लोटली. पण छपरावर एकही फुटके कौल सापडत नाही. जुन्या इमारती पाहत हिंडणारे लोक याचे कौतुक करतात. तेव्हा वस्तीतले यिर्मयादादा उमाप त्यांना आत नेतात, दाराजवळचे दगडी कुंड दाखवतात आणि म्हणतात, "हात लावून बघा. यात अजून पाण्याचा थेंब पडलेला न्हाई."

कुंड बाप्तिस्म्यासाठी घडवलेले आहे. घडवणारा गेनू पाथरवट. असे सांगतात की, मिशनच्या गोऱ्या पाद्र्याने चर्च बांधायला काढले, तोवर वस्तीतल्या बहुतेकांनी शाळेच्या खोलीतच बाप्तिस्मा घेतला होता. गेनूची बायको राही हिनेही घेतला. गेनू तेवढा थांबला. आपण घडवलेल्या कुंडातले पहिले पाणी आपल्याच डोक्यावर पडावे, ही त्याची हौस. पाद्र्यालाही ती आवडली. बिशप चर्च उघडायला येतील त्याच दिवशी गेनूचा बाप्तिस्मा, असे ठरले.

कामावरचे गडी त्याची टर उडवत. "गेनू, पाण्याला भितोस होय रे?"

"पाण्याला न्हाई, तुमच्या उष्ट्या पाण्याला," गेनू म्हणे. "पयला मीच."

राही पदर तोंडाला लावून हसे. तिलाही त्याचा तोरा आवडत होता.

बिशप यायला आठवडा उरला होता. छपराच्या टोकावर दगडी क्रूस बसवताना परांचीची दोरी तुटली आणि गेनू खाली आला. कंबर मोडली होती, शुद्ध होती. पाद्री तालुक्याला गेलेला. राहीने नवऱ्याचे डोके मांडीवर घेतले. तो पाणी मागत होता, ती ओंजळीने पाजत होती. दिवस मावळायच्या आत तो गेला.

दुसऱ्या दिवशी पाद्री आला. रडला म्हणे, पण चर्चच्या कुंपणात माती देऊ देईना. बाप्तिस्मा नाही तर जागा नाही, नियमच तसा आहे, म्हणाला. गेनूच्या भावकीनेही आपल्या मसणवट्याची वाट अडवली. "येशूचं देऊळ बांधलं ना त्यानं? त्यालाच माग की जागा," असे राहीला सुनावले. शेवटी तिने त्याला ओढ्याच्या काठाला पुरले. पहिल्याच पुरात ती माती वाहून गेली.

चर्च उघडले, पण दुखवट्यामुळे बाप्तिस्मे नाताळपर्यंत पुढे गेले. त्याआधीच राहीची बहीण बाळंत झाली. मूल निळे पडले होते. मिशनच्या दवाखान्यातल्या नर्स शलोमीबाई यांनी तांब्यातले पाणी त्याच्या कपाळावर ओतले आणि पिता, पुत्र, पवित्र आत्मा अशी नावे घेतली.

"हे काय केलंत, बाई?" राहीने विचारले.

"बाप्तिस्मा दिला. जीव जातोय म्हटल्यावर पाद्रीसाहेबांची वाट कशाला बघायची? कुणीही द्यावा."

"बाईमाणसानंबी?"

"हो तर. पाणी हवं आणि ही तीन नावं. बस."

राहीला ती नावे पाठ होती. गेनू गेला त्या दिवशी पाणीही तिच्या ओंजळीतच होते.

ती तडक पाद्र्याकडे गेली. "मला हे का न्हाई सांगितलं?"

पाद्री म्हणाला, "तुमच्यापैकी कुणी कधी विचारलं नाही."

तेथून ती कुंडापाशी येऊन उभी राहिली. "ज्या पाण्यापायी माझा माणूस थांबला, ते त्याला लाभलं न्हाई. आता ह्यात पाणी पडायचं न्हाई," असे ती म्हणाली. नाताळला एकही आई मूल घेऊन चर्चमध्ये आली नाही, असे सांगतात. पाद्र्याने समजावले, धाक घातला. लोक उपासनेलाही येईनासे झाले. पुढे मिशन गेले, बाके आणि घंटा उचलून नेली. वस्तीने छप्पर तेवढे सोडले नाही. दर उन्हाळ्यात घरटी एक माणूस कौले शाकारायला वर चढतो. पाहुणे याला श्रद्धा म्हणतात. दादा त्यांना थांबवतात. "देवासाठी न्हाई, साहेब. कुंडात पाऊस पडू नये म्हणून."

आजही खैरओहोळात मूल जन्मले की नाळ कापण्याआधी जवळची बाई त्याच्या कपाळावर पाणी ओतते आणि तीन नावे घेते. मग कधीतरी तालुक्याहून पाद्री येतात आणि बाप्तिस्मा कोणत्या रविवारी ठेवायचा, ते विचारतात.

"झाला," बाया सांगतात. "आमच्यात कुणी थांबत न्हाई."