पहिली भिक्षा

त्या राज्यात साप पुष्कळ होते, पण मोर सरदारही होते. म्हणून पक्षिणींना जमिनीवर अंडी घालून निर्धास्त राहता येई.

पूर्वसीमेचा सरदार नीलध्वज याने एका सकाळी आपला पिसारा आपल्याच चोचीने उपटून उंबऱ्यावर ठेवला. यापुढे कोणत्याही जिवाला चोच लावणार नाही, एवढंच बोलून तो नदीपलीकडे निघून गेला. राज्यभर धन्य धन्य झालं. त्याची बायको चंद्रावळ तेवढी चार अंड्यांवर बसून राहिली. पान वाजलं तरी ती मान उंचावून गवतात पाही.

तिथला रिवाज असा की, संन्यास घेणाऱ्यानं पहिली भिक्षा स्वतःच्याच दारी मागायची, बायकोला ‘माई’ म्हणून. तिनं झोळीत दाणे घातले की तो सुटला. तिनं सूप जमिनीवर पालथं घातलं, तर त्यानं मुकाट घरात यायचं.

“मग घाला की पालथं, बाईसाहेब,” दासी टिटवी म्हणाली.

“लोक म्हणतील, पुण्यवंताच्या वाटेत लांडोर आडवी आली.”

“म्हणू देत. आभाळ पडेल म्हणून मी पाय वर करून निजते, मला काय कमी हसतात? पण झोप लागते ना.”

चंद्रावळीनं ठरवलं. रिकामं सूप पालथं घालायचा सरावही तिनं चार-सहा वेळा केला.

आठव्या दिवशी तो आला. पाठ उघडी, पाय भेगाळलेले, मागं ही गर्दी. तिला वाटलं होतं, निदान त्याचा आवाज तरी अडखळेल. तो अडखळला नाही.

“माई, भिक्षा.”

ती अंड्यांवरून उठली, सूप घेऊन पुढं झाली. ते वळवणार, एवढ्यात गर्दीनं एकदम जयजयकार केला. ती दचकली, सूप कललं, आणि दाणे झोळीत पडले.

“थांबा, मला हे...” ती म्हणाली. गजरात कुणाला ऐकू गेलं नाही.

“कल्याण होवो, माई,” म्हणून तो वळला आणि गेला.

गुरूला जिथं मिळाली, तिथंच शिष्यांनी मागायची. रांग पुढं सरकली. पहिला शिष्य सरपटत आला. अंगाला भस्म, फणा अगदी नम्र.

“माई, भिक्षा,” तो हळूच म्हणाला.

सुपात अजून थोडे दाणे होते. त्यानं तिकडं पाहिलंही नाही.